नऊ फ्रेम

नानुली कात्री लावताना श्वास धरायची,
सुईत दोरा ओवताना धरतात तसा.
तिबिलिसीच्या स्टुडिओत, तळघरात,
अडतीस वर्षं.
गळ्यात फिल्मच्या पट्ट्या, हातांत पांढरे सुती मोजे,
ओठांत न पेटवलेली सिगारेट.

नटाची पापणी कधी लवणार
हे नटाआधी तिला कळायचं.
तिथेच कापायची.
लोक नेमके तिथे गलबलायचे
आणि म्हणायचे, काय काम केलंय त्यानं!
ती शेवटच्या रांगेत, पर्स मांडीवर घेऊन.

एकदा चियातुराहून एक बाई आली.
मुलगा खाणीत गेला होता.
त्याआधी सिनेमात उभा राहिलेला म्हणे,
लग्नाच्या पंगतीत, वाइनची सुरई घेऊन.
"दोनदा तिकीट काढलं. दिसतच नाही."

नानुलीला आठवला.
पंगत लांबत होती. तिनंच कापला होता.

तुकडे केव्हाच गेले होते पोत्यांतून, चांदी काढायला.
मी तेच सांगणार होतो.
पण तिनं रीळ चढवलं,
मागे, पुढे, परत मागे,
आणि दाराशी थांबवलं :
एक खांदा, अर्धी बाही.
नऊ फ्रेम. अर्धा सेकंदही नाही.

"हे माझ्याकडून चुकून राहिलं," नानुली म्हणाली.

बाईनं काचेला बोट लावलं.
"हाच. घरातून असाच जायचा,
मागे न बघता."

दिवा तापत चालला,
फिल्म करपल्याचा वास सुटला.
मी बटणाकडे हात नेला.
नानुली म्हणाली, थांब.