कुठला हात ते लिहिलेलं नाही

सोहार. तळमजला. खिडकी नाही.
गळक्या एसीखाली लबनची रिकामी बादली.
मी दिवसाला ऐंशी माणसं आकड्यांत उतरवते,
मोडलेली, सुजलेली, चावा घेतलेली,
आधी एक अक्षर, मग आकडे,
मध्ये टिंब.

गुरुवारी, निघायच्या वेळी, ही फाइल आली.
विश्राम कोलंबेकर, वय एक्केचाळीस,
कामगार कॅम्पचा स्वयंपाकी.
फोअरआर्म. उकळतं तेल. थर्ड डिग्री.
डॉक्टरने एवढंच खरडलेलं.
कोलंबेकर म्हणजे आमच्या खाडीच्या पलीकडचे.

पुस्तकात भाजण्याच्या तीन पायऱ्या.
आमच्या घरी जास्त होत्या:
तव्याचा बसतो तो चटका,
चहाने जीभ पोळते, दूध करपतं,
वैशाखात पाय होरपळतात,
आणि मनगटावर फोड आला तरी आई म्हणायची
भाजलंय गं जरा, पीठ मळ तू.
पुस्तकाला फक्त कातडीची खोली हवी.
तिसऱ्या पायरीला दुखत नाही.
दुखायची सोयच जळून गेलेली असते.
क्लासात सरांनी हे सांगितलं तेव्हा
पहिल्या बाकावरच्या मुलीने त्याखाली दोन रेघा मारल्या,
परीक्षेला येतं म्हणून.
ती मुलगी मीच.

टी बावीस, टिंब, तीन, एक.
पुढे उजव्याला एक, डाव्याला दोन,
ठाऊक नसेल तर नऊ.
नऊ टाकलं की विमा कंपनी क्लेम परत धाडते.
हात कुठल्यातरी बाजूचा असतो
एवढं त्यांनाही कळतं.
डॉक्टर मस्कतला गेलेला.
मारिसेल पर्स आवरत म्हणाली, विचारणा टाकून ठेव,
रविवारी बघू.
मी जिन्याने वर गेले. हे आमच्या कामात बसत नाही.

तिसऱ्या मजल्याला खिडक्या आहेत.
लांबवर रिफायनरीची ज्योत, भर उन्हात फिकी.
तो पलंगावर बसून
उजव्या हाताने मोसंबं सोलू बघत होता
आणि साल निघत नव्हती.
डावा, कोपरापासून मनगटापर्यंत, पांढराफेक गुंडाळलेला.
मी मराठीत विचारलं तसा
मोसंबं मांडीआड लपवून ताठ बसला,
गावचं माणूस भेटायला आल्यासारखा.

"डावा. आणि मी डावराच हो.
काका पंगतीत ह्याच हातावर पळी हाणायचा,
म्हणून जेवतो तेवढं उजव्यानं.
बाकी सगळं ह्यानंच.
शुक्रवारच्या तीनशे माणसांच्या पुऱ्या ह्यानंच."
मग जरा थांबून,
"हे लिहायला जागा असते का तुमच्यात?"

नाही.
अर्धांगवायूला आहे. अर्धं अंग गेलं
तर पुस्तक विचारतं, चालता हात कुठला होता.
भाजलेल्याला विचारत नाही.

मी म्हणाले, असते.
आणि मोसंबं सोलून दिलं.

टी बावीस टिंब तीन एक दोन, शेवटी ए.
ए म्हणजे उपचार चालू.
डी म्हणजे भरून येतंय.
एस म्हणजे नंतर मागे उरलं ते.
अंगाचा किती भाग: दहा टक्क्यांच्या आत.
तेलाचा कोड. स्वयंपाकघराचा कोड.
पोटासाठी करत होता, त्याचाही एक कोड.
क्लेम पहिल्याच फेरीत मंजूर झाला,
मारिसेलने अंगठा वर करून दाखवला.

डी काही आला नाही.
अठराव्या दिवशी कंपनीने त्याला विमानात बसवलं.
एस आलाच असेल, पण तिकडे कुठे,
ज्या दवाखान्यात कोड लावत नाहीत तिथे.

डिस्चार्जचा कागद माझ्याकडे आला.
सहीच्या रेघेवर उजवा अंगठा,
निळी शाई कडेला फुटलेली.
बारावी झालेला माणूस.
शेजारी रिसेप्शनवरच्या शमसाने बारीक अरबीत लिहिलंय:
सही येत नाही.

मी कागद स्कॅन केला. तिरका आला.
पुन्हा केला.