बिनठिपक्यांचा शब्द

वासितच्या कागदबाजारात मी नकला करतो,
दिरहमला दहा पानं.
परवा हाती आलं ते चामड्यावरचं टिपण,
कडा उंदरांनी खाल्लेल्या,
आणि अक्षरांना ठिपके नाहीत.
त्या काळी देत नसत.
वाचणाऱ्याला आधीच ठाऊक असेल
असा भरवसा होता.

नोंद हौशबची. बसऱ्यातला पाणक्या.
मोठा कुणी नव्हे, आयुष्याच्या साडेतीन ओळी:
कुणाचा मुलगा, कुठल्या साथीत गेला,
आणि एक रात्र.

'मला युगनमने सांगितलं, म्हणाला, मला रुकैनने सांगितलं,
म्हणाला, मी उम्म जहदरच्या तोंडून ऐकलं, ती म्हणाली:
टंचाईच्या साली हौशब रात्री दारात आला
आणि त्याच्यापाशी होती'

पुढे तो शब्द. एक वळण, एक दात, एक शेपूट.
वळणावर ठिपका ठेवला, दाताखाली एक ठेवला: खबर.
शेपटीवर आणखी एक टाकला: खुब्झ, म्हणजे भाकर.
दाताखाली दोन ठेवून शेपूट मोकळी सोडली: खैर.

रात्रभर बोरू हातात तसाच.
शाई वाळली, पुन्हा भिजवली.

दुकानाचा मालक कुर्रा म्हणाला, भाकर लिही,
टंचाईत माणूस आणखी काय आणेल?
शुक्रवारी मशिदीत रडवणाऱ्यांना खैर हवी होती,
भाकरीवर प्रवचन लांबत नाही.
आणि मला, का कोण जाणे, खबर.
तिचा नवरा त्या साली घोडदळात गेला होता,
हे दुसऱ्याच एका नोंदीत, दुसऱ्याच कुणाखाली सापडलं.

साक्षीदारांची वही काढली.
युगनम: वावगं काही नाही. पुरात वह्या गेल्या,
त्यानंतरचं त्याचं घेऊ नये.
रुकैन: खरा माणूस.
दात पडल्यावर मात्र त्याच्या तोंडून
'झ' आणि 'र' एकच यायचे.

खरा माणूस आणि बोळकं तोंड.
दुकानात एकटाच होतो, मोठ्याने हसलो.
मग हसू राहिलं तिथेच.

दोन दिवस नावेतून, लव्हाळ्याच्या दलदलीत,
जिथे घरंही लव्हाळ्याचीच आणि म्हशी माणसांआधी दिसतात,
उम्म जहदरची खापरपणती राहते, रैता.
चटया विणते. अक्षर येत नाही.
विचारलं, काय होतं त्याच्यापाशी?

ती विणत राहिली.
मग म्हणाली, 'आमच्यात शब्द नाही.
दारात आला, इथवर सांगायचं
आणि हात असे करायचे.
आईने मला दाखवलं,
तिला तिच्या आईने.'

लव्हाळी खाली ठेवून
तिने दोन्ही तळवे जोडून पुढे केले,
किंचित खोल,
बोटांमध्ये फट नाही.

भाकर अशी धरतात का? धरत असतील.
रिकामे हातही असेच दिसतात.
पाणक्या होता तो,
हे मला तोवर एकदाही आठवलं नव्हतं.

'तळवे वर होते की थोडे कलते?' मी विचारलं.
तिने माझ्याकडे पाहिलं,
कुणी माशाला भाव विचारावा तसं.
म्हणाली, 'पुन्हा नाही करणार. तू बघितलंस ना?'

परतताना नावाड्याच्या पाठीआड
मी हात तसे करून पाहिले.
माझी बोटं शाईने ताठरलेली,
फट राहतेच.

वासितला येऊन पान उतरवलं.
वळण, दात, शेपूट. ठिपका नाही.
समासात बारीक अक्षरात: मुळात असंच.
हातांविषयी लिहायला गेलो.
पण त्यासाठी आधी लिहावं लागलं असतं
'मला रैताने सांगितलं',
आणि तिने तर सांगितलं नव्हतं.

कुर्राने पान उजेडात धरलं,
अर्धवट काम म्हणाला,
आणि दिरहमचा दहावा हिस्सा कापून घेतला.