गरज पडल्यास

कोठीच्या दारावर तक्ता चिकटवलाय.
सात सामने, सात तारखा.
पहिल्या चारांपुढे काही नाही.
पाचव्या, सहाव्या, सातव्यापुढे एकेक चांदणी
आणि तळाशी, मुंगीएवढ्या अक्षरांत,
चांदणीचा अर्थ: गरज पडल्यास.

मी वर्लीन टब्स. विभाग एकशे अठरा.
तिकीट बघते, हाताने जिना दाखवते,
सामना संपला की पायऱ्यांवरचं पॉपकॉर्न लोटते.
साडेपाच तास, तासाला सोळा डॉलर.
क्लीव्हलंडला एप्रिलातही वारा सरोवरावरून येतो
आणि कोट किती जुना आहे ते विचारत नाही.

नियम शेंबडं पोरही सांगेल:
सातातले चार आधी जिंकेल तो पुढे.
हंगामभर ज्यांनी जास्त जिंकले
त्यांच्या घरी पहिले दोन. मग आमच्याकडे दोन.
मग एक त्यांचा, एक आमचा, एक त्यांचा.
माझंही जिना चढताना असंच होतं,
आधी दोन-दोन पायऱ्या,
मग एकेक, कठडा धरून.

आमच्या वाट्याला तिसरा, चौथा
आणि चांदणीखालचा सहावा.

पोरांनी त्यांच्या घरात घुसून दोन्ही मारले.
तिसरा इथे, बावीस गुणांनी.
तीन-शून्य.
चौथ्याला लोक झाडू घेऊन आले,
खरेखुरे, लांब दांड्याचे,
किमतीची चिठ्ठीसुद्धा न काढलेले.
दारावर काढून घेतले ते, माझ्या कोठीत रचले.
एकोणीस वर्षं झाडतेय इथे,
इतके नवे झाडू एका जागी पाहिले नव्हते.

आता हे कुणाला सांगायचं नाही.
माझ्या गाडीला ब्रेक नाहीत.
झुपानच्या गॅरेजात उभी आहे ती, दोनशे दहा डॉलरवर अडून,
आणि झुपान शुक्रवारपर्यंत थांबतो म्हणालाय,
म्हणजे शुक्रवारपर्यंतच.
सहावा सामना गुरुवारी.
झाला तर.

शेवटचे चार सेकंद, एका गुणाने मागे.
ट्रेमेन क्विलर रेषेवर, दोन फ्री थ्रो.
वीस वर्षांचा, मोजे नेहमी घसरलेले.
पहिला कडेला लागून बाहेर.
दुसरा आत फिरला, फिरला, आणि
त्यालाही कुणीतरी बोलावल्यासारखा बाहेर आला.
अठरा हजार माणसं एकदम कण्हली.
मीही कण्हले,
अर्धा क्षण उशिरा.

पाचवा लाँड्रीत पाहिला, चादरी फिरत असताना.
हरले. भाचा म्हणाला, मावशी, हिशेब चुकतोय तुझा,
जिंकले असते तर पुढच्या फेरीत
निदान दोन पाळ्या पक्क्या होत्या तुला.
मला येतं गणित, कॉर्टेझ.
पुढची फेरी पुढच्या आठवड्यात आहे.
शुक्रवार परवा आहे.

गुरुवारी दुपारी तक्त्यावरची सहाव्याची चांदणी
मॅनेजरने पांढऱ्या शाईने पुसलेली.
सातव्याची तशीच.
कुणाची गरज, ते लिहिणाऱ्याने लिहिलं नव्हतं,
जागाही नव्हती म्हणा.

चार वाजता मैदान रिकामं.
फक्त क्विलर, रेषेवर, एकटा.
थाप, थाप, थाप, मग शांतता, मग जाळी.
थाप, थाप, थाप, मग शांतता, मग लोखंड.
मी खुर्च्या पुसत होते, मोजायचं नाही ठरवून
अडतीसपर्यंत मोजले.

एक चेंडू लोखंडावरून उडून
माझ्या पायऱ्यांपाशी आला.
जड असतो हो, वाटतो त्याहून.
परत फेकला. त्याने एका हाताने झेलला,
थँक यू, मॅम, म्हणाला.

मी खुर्ची क्रमांक सातच्या पाठीवर
एक डाग शोधला
आणि बराच वेळ घासत राहिले.
झाडू अजून कोठीतच आहेत.
न्यायला कुणी आलं नाही.