माप

ब्लाउज शिवते मी, तळाशीलच्या वाटेवर.
मशीन खिडकीत, खिडकीसमोर खाडी.
धाकट्या जावेचं माप माझ्याच वहीत :
हेमी. दंड दहा, कंबर तीस.
शिमग्याला कंबर बत्तीस.
मिरगाला अडतीस.

दिगू भावजी जाऊन चार वर्षं झालेली.
बंदरावर सुकट पालथी करता करता
बायका एकमेकींना विचारत, "कितवो म्हयनो गो?"
मी हसले नाही.
मोजले मात्र, बोटांच्या पेरांवर,
शिमगा, चैत, वैशाख.

दंड नऊवर आला होता.
तेही मीच लिहिलं होतं.
पोटुशीचा दंड असा सुकत नाही,
पंचवीस वर्षं शिवणाऱ्या बाईला
हे कुणी सांगायचं?
संध्याकाळी तिला कणकण यायची,
ती भिंतीकडे तोंड करून निजायची.
मी म्हणायचे, लपवते.

मालवणला मुकादम डॉक्टरीणबाईंनी
तिच्या पोटावर बोट ठेवलं, बोटावर बोट आपटलं,
आपण फणस ठोकून बघतो तसं.
मग कुशीवर वळवली. पुन्हा ठोकलं.
"बघा, आवाजाने जागा बदलली.
हे पाणी आहे. जलोदर."
हेमी छताकडे बघत होती.
तिला ठाऊक होतं, निदान काय नाही ते.
आम्ही विचारलंच नव्हतं.

दारू? नाही. कावीळ? कधीच नाही.
यकृत नीट, हृदय नीट, मूत्रपिंडं नीट.
डाव्या बाजूला सुई घालून बाटली भरली :
पिवळसर पाणी, पेंढा भिजवून ठेवल्यासारखं.
ते तपासायला गेलं, तेव्हा बाईंनी विचारलं,
"घरात कुणी खोकत होतं?"

पडवीत सासरे दोन वर्षं खोकले.
मुलं लहान म्हणून मी चूल वेगळी केली.
त्यांच्या थुंकीची करवंटी
रोज राखेने घासली ती हिने.
हे मी सांगितलं. मलाच सांगावं लागलं,
ती बोलेना.

"टीबी पोटातही होतो," बाई म्हणाल्या,
"आतड्यांवरचा पडदा सुजतो, पाझरत राहतो.
सहा महिने गोळ्या, एक दिवस चुकवायचा नाही.
पाणी आपसूक आटेल, सारखं उपसायला नको."

गोळ्यांच्या पहिल्या सकाळी लघवी केशरी झाली.
घाबरून तिने मला हाक मारली,
चूल वेगळी झाल्यापासून पहिल्यांदा.
गोळीचा रंग गो तो, मी म्हटलं,
आणि मोरीच्या दाराशी उभी राहिले, उगाच.

आता दर सोमवारी टेप मीच लावते, बेंबीवरून.
अडतीस. साडेसदतीस. परत अडतीस,
त्या रात्री मी जेवले नाही.
मग पस्तीस.
परवा बंदरावर कुणीतरी विचारलंच,
"काय झाला गो हेमीक?"
"पाणी," म्हटलं. "झाला नि गेला."

अजून गेलं नाही सगळं. अडीच महिने बाकी आहेत.
तिचा नवा ब्लाउज कापलाय, दंड नऊच धरून,
पण बाहीच्या शिवणीत दोन्हीकडे
अर्धा अर्धा इंच कापड आत ठेवलंय,
उसवायला.