दर पन्नासावी तबकडी

डिफायन्स, ओहायो. दोन नद्यांचा संगम,
पण काठावर देऊळ नाही,
शवपेट्यांचा कारखाना.
मालक ऑगस्ट ड्रॉइटलर म्हणे, माणसं मरायला फार वेळ लावतात,
तोवर ओकच्या फळ्या पडून का ठेवायच्या?
मग त्याच फळ्यांची, त्याच सुतारांनी
फोनोग्राफची कपाटं केली,
आणि कपाटं खपावीत म्हणून गाणी.

असं निघालं ‘ब्लू हेरन’.
निळ्या लेबलवर एका पायावर उभा बगळा,
पंचाहत्तर सेंट, दोन्ही बाजूंना गाणं.

ध्वनिमुद्रणाच्या खोलीत भिंतभर
पेट्यांच्या आत लावायचं पांढरं साटीन,
आवाज घुमू नये म्हणून.
कर्णा एकच. गाणाऱ्याने त्यात तोंड घालायचं,
बँजो स्टुलावर, ट्रॉम्बोन थेट दाराबाहेर.
वाबॅशची मालगाडी आली की सगळे गप्प;
वाया गेलेल्या मेणावर पुन्हा रंधा.

लाख मात्र आपल्याकडची.
पळसाच्या, कोशिंबाच्या फांद्यांवरून खरवडलेली,
कलकत्त्याच्या गोदीतून पोत्यांनी गेलेली.
किड्यांनी अंगाभोवती बांधलेली घरं ती,
तिकडे काजळी खाऊन काळी झाली, वाफेवर मऊ पडली
आणि दाबाखाली गाऊ लागली.
लाक्षागृह आठवलंच मला.
पण हे घर जळलं नाही,
नुसतं तोट्यात गेलं.

हुल्डा राइन्के तपासनीस. सतराव्या वर्षी लागली.
दर पन्नासावी तबकडी तिने ऐकायची,
तीही पहिलं अर्धं मिनिट.
खरखर नाही ना, भोक मधोमध आहे ना,
की सुई उचल, पुढची.
अशी अकरा वर्षं.
गावात कुणालाच नव्हती इतकी गाणी तिला ठाऊक,
आणि एकही शेवटपर्यंत नाही.
पूर ओसरला का, खलाशी परतला का,
फलाटावर उभ्या राहिलेल्या त्या पोरीचं काय झालं,
तिला विचारण्यात अर्थ नव्हता.

क्रमांक अकराशे सत्तेचाळीस, मागची बाजू.
ऑर्लीना टिबेट, टोलेडोहून आलेली.
पंधरा डॉलर, परतीचं तिकीट,
आणि आत यायला मागचं दार, जिथून लाकूड येई.
त्या दिवशी मालगाडी वेळेआधी आली.
दोन मिनिटं होऊन गेल्यावर गाण्यात शिट्टी घुसते,
लांब, किंचित बेसूर.
ऑर्लीना थांबत नाही.
शिट्टीचाच सूर उचलते आणि धरून ठेवते,
डबे संपेस्तोवर.

ही तबकडी बाद व्हायला हवी होती.
हुल्डा तिथवर पोचलीच नाही, म्हणून ती वाचली.

एकतीस साली तांब्याचे साचे वजनावर विकले.
कपाटांचे सुतार पुन्हा पेट्यांकडे गेले;
त्या धंद्याला मंदी नव्हती.
आता शनिवारी मी इथल्या संग्रहालयात
उरलेल्या तबकड्यांची यादी करते,
फुटकी, चरा गेलेली, बरी, असे शेरे लिहिते.
अकराशे सत्तेचाळीसपुढे काय लिहावं ते सुचेना,
म्हणून हुल्डाच्या पुतणीला फोन केला. तीही नव्वदीची.
म्हणाली, आत्या भांडी घासताना गुणगुणायची,
आवाज बरा होता,
पण मध्येच तोडायची.
आम्हाला वाटायचं, विसरते.