पिलबाग

सावद्याच्या मालधक्क्यामागे, केळी पिकवायच्या गार खोलीत
सात वर्षं उभं होतं आमचं जहाज.
वर ताडपत्री, भोवती क्रेट, दारावर खडूनं लिहिलेलं: रिकामं.
खोटं होतं ते.
आत निंबाची चप्पल होती, डाव्या पायाची.

पहिल्या खेपेला पाच जण गेलो होतो.
शनीच्या कड्यांपलीकडं जे चांदण्या गिळत होतं
त्याला नाव नव्हतं.
निंबा कोळ्याला एक होती, तापीवरची, लाकडी,
तीस पूर तिनं पाहिलेले.
लोटन मिस्तरी म्हणाला, गिळतंय ना? मग घसा असणारच.
निंबानं कमरेला दोर बांधला, हातात कोयता घेतला
आणि काठावरून उतरावं तसा दारातून उतरला,
आधी एक पाय बुडवून.
घसा कापला गेला.
दोर आम्ही ओढला तेव्हा हलका आला.

मग भुसावळला सत्कार. सत्तेचाळीस अंश, आणि अंगावर शाली.

परवा रात्री सायसिंग पावऱ्याचा फोन,
धडगावच्या वरच्या टेकडीवरून, जिथं त्याची रेंज येते:
कोकिळाताई, कृत्तिकेत पाचच मोजतोय.
मी गच्चीवर गेले. चष्मा पुसला. चार.

कापलं म्हणजे मेलं असं धरून बसलो आम्ही,
आणि राहतो कुठं? केळीच्या मुलखात!
इथं घड उतरला की खोड आडवं करतात
आणि पंधरवड्यात बुंध्याशी
हिरवी सुरळी वर येते, जणू काही झालंच नव्हतं.
रावेरचं शेंबडं पोरही सांगेल,
कोयत्यानं बाग संपत नाही. कंद खणावा लागतो.
आम्ही शाली घेत होतो.

तर आता पहार.
लोटननं लोको शेडच्या जुन्या धुरीतून घडवली,
कान गेलेत त्याचे, पण लोखंड बोललं की त्याला कळतं.
रुबाब तडवीच्या उजव्या डोळ्यात मोतीबिंदू.
म्हणते, समोर अंधारच आहे, एका डोळ्याला पुरेल.
मी नेहमीचीच, हिशेब आणि कळण्याची भाकरी
(तिचे तुकडे वर तरंगतात, सायसिंग तोंडानं झेलतो).
भरीत नळ्यांमध्ये भरलं. पराटीचा धूर नळीत मावत नाही,
हे मी मागच्या वेळीही लिहून ठेवलं होतं.

पाचवी जागा रिकामीच ठेवायची ठरली होती.
पण ताडपत्री काढली तर आत निंबाची हर्षाली,
एकोणीस वर्षांची, पायात ती डावी चप्पल,
टाच अर्धी रिकामी.
उतर, मी म्हटलं.
मना बाप तठे शे ना, ती म्हणाली, मंग मी येस.
कुणी काही बोललं नाही.
पिलबागेत एकच पिल ठेवतात, जोमाचं, बाकीची छाटतात.
मला ते आठवायला नको होतं.

हतनूरवरून उठलो तेव्हा धरणात आमचाच उजेड पडला.
सातपुडा एका बाजूला कलंडला, मग खाली, मग घडी घातलेल्या
घोंगडीएवढा, मग नाही.
सूर्यालगत वळसा घेताना धोक्याचा दिवा लागला.
लोटननं त्यावर रुमाल टाकला:
मे महिन्यात याहून जास्त असतं आपल्याकडं.

दोर यावेळी मी मोजून घेतलाय.
पाच गाठी, प्रत्येकाच्या कमरेची एक.
भांडण झालं त्यावरून. सायसिंग म्हणतो, पाच बुडाले तर ओढणार कोण?
उत्तर माझ्याकडं नाही. गाठी सोडलेल्या नाहीत.

गुरू मागे पडल्यावर हर्षालीनं काचेला नाक लावलं.
इतलं अंधारं?
रुबाबनं मान वळवली नाही.
हे साधं आहे पोरी, म्हणाली,
हे रोजचंच.
ते अजून सुरू व्हायचंय.