उर्फ

सर्कलसाहेबांनी लिहिलं:
'अर्जदार निर्मला आणि मयताची कन्या उखर्डी
या एकच व्यक्ती असल्याचा सबळ पुरावा नाही.
सबब नोंद नामंजूर.'
फेरफार एकवीसशे सहा, मौजे वेलखेडे.
कोतवालानं दोनदा वाचून दाखवलं.
मला 'सबब' तेवढं कळलं नाही.
बाकीचं पहिल्याच वेळी कळलं.

माझ्याआधीची दोन पाळण्यातच गेली.
तिसरी मी.
फुईनं मला बाराव्या दिवशी उकिरड्यावर ठेवलं
आणि शेजारणीनं उचलल्यावर
पायलीभर दादर देऊन तिच्याकडून विकत घेतलं.
वरच्याला वाटावं, हे टाकलेलंच दिसतं,
याच्यासाठी कोण वाकणार.
तसं नाव पडलं. तशी मी राहिले.

मग मांडवात ताटभर तांदूळ पसरले.
नवऱ्यानं अंगठीनं त्यात लिहिलं: निर्मला.
'र'चा रफार सुटला होता,
मेव्हण्यानं बोटानं काढून दिला.
फोटोवाला म्हणाला, रीळ संपलं.
संध्याकाळी ते तांदूळ गोळा करून शिजवले.
माझ्या नावाचा एकुलता एक कागद
वऱ्हाडासकट आम्हीच जेवून टाकला.

शाळेचा दाखला?
शाळेच्या वयात माझ्या कमरेवर लोटन होता.
गॅझेट?
ते काय असतं ते बडगुजर वकिलांनी सांगितलं,
अमळनेरला, पत्र्याच्या शेडमध्ये,
टाइपरायटरच्या खडखडाटातून ओरडून:
'साठ दिवसांत अपील, ताई. एक्केचाळीस गेलेत.'
मग त्यांनी टंकायला सांगितलं:
'निर्मला उर्फ उखर्डी, झिपरू सुपडू यांची मुलगी.'
उर्फ.
नाल्यावर टाकलेल्या फळीएवढा शब्द.
पलीकडं ती उभी, परकर खोचून,
अलीकडं मी, गुडघे धरून.
फळीचे तीनशे रुपये वेगळे घेतले.

लोटननं हरकत घेतली नव्हती.
संमतीही दिली नव्हती.
तो वाईट नाही, कागदाला भितो.
तारखेला मात्र आला, इस्त्रीचा सदरा घालून,
आणि बसमध्ये खिडकी मला दिली.

तापीच्या पुलावर मी सगळं पाठ करत होते.
साहेब, वावराचंही नाव बदललं.
बापाच्या वेळी सर्व्हे नंबर एकोणचाळीस,
एकत्रीकरणात झालं गट दोनशे चौदा.
बांध तोच. बांधावरचा निंब तोच.
नाल्याकडची चोपण तशीच, अजून पीक धरत नाही.
त्याला कुणी विचारलं नाही, तेच तू कशावरून.
त्याच्याकडं दाखला मागितला नाही.
सातबारा त्याला दोन्ही नावांनी ओळखतो,
मग मला...
इथं दरवेळी अडकायचे.
मग काय, ते सापडतच नव्हतं.
पूल संपला.

प्रांतसाहेब मीटिंगला जळगावला गेलेले.
बाकावर आमच्यासारखी वीसेक माणसं,
मांडीवर पिशव्या, पिशव्यांत माणसं मेल्याचे दाखले.
तीन वाजता शिपायानं पुकारलं, 'निर्मला झिपरू!'
मी उठायला जरा उशीर केला.
इतक्या वर्षांत बापाचं नाव त्या नावामागं
कुणी लावलंच नव्हतं.
कारकुनानं मान वर न करता सांगितलं,
पुढची तारीख सतरा.
माझं पाठ केलेलं तोंडातच राहिलं,
कडू नाही, नुसतं कोरडं.

स्टँडवर मी नळाकडं गेले.
ओंजळीत पाणी घेतलं तेवढ्यात
फलाटाच्या त्या टोकाहून लोटन ओरडला,
लहानपणी बांधावरून ओरडायचा तसा,
'उखर्डेऽ! चोपडा गाडी लागनी व!'
माणसं वळून बघायला लागली.
कॉलेजची एक पोरगी फिस्सकन हसली.
मीही वळले, पाणी सांडत, लगेच.

बडगुजर वकील तोवर जेवायला गेले होते.